एकवीस दिवस, एकवीस टिक, आणि उठबस मात्र सहाच

घरी करायच्या व्यायामाच्या कागदावर २१ दिवसांचे २१ टिक होते. एकही रकाना रिकामा नाही. आणि स्टॉपवॉच लावून ३० सेकंदात हात न टेकता खुर्चीतून किती वेळा उठता येतं ते मोजलं तर सहा. पहिल्या दिवशीही सहाच होते.

मी फिजिओथेरपिस्ट आहे, वयस्कर पेशंट जास्त बघते, आणि ही केस त्या २१ टिकांची आहे. आजींना विचारूनच लिहितेय, त्यांची ओळख पटेल असं काही घातलेलं नाही.

आजींचं वय ७२. माझ्याकडे यायच्या दोन महिने आधी रात्री बाथरूमला जाताना घरातच पडल्या. हाड मोडलं नाही, खुब्यावर मोठा काळानिळा डाग पडला आणि तो तीन आठवड्यांत गेलाही, पण त्या पडल्यानंतर घराबाहेर जाणंच बंद झालं. दोन्ही गुडघ्यांना संधिवात, उजवा जास्त. रक्तदाबाची एक गोळी चालू. घरात मुलगा आणि सून, दोघं नोकरीला, म्हणजे सकाळी ९ ते संध्याकाळी ६ आजी एकट्या. पहिल्याच भेटीत मी विचारलं होतं की तुम्हाला काय करता यायला हवंय, तर म्हणाल्या, "खाली बाकावर मैत्रिणी बसतात तिथे जायचंय, दोन मजले उतरून." हे मी फाइलमध्ये लिहिलं आणि मग विसरले, त्याकडे पुढे येतेच.

खुर्चीतून उठायच्या टेस्टमध्ये ७० ते ७४ वयाच्या बाईला १० पेक्षा कमी जमलं तर ते सरासरीच्या खाली धरतात. दुसरी टेस्ट म्हणजे खुर्चीतून उठायचं, ३ मीटर चालत जायचं, वळायचं, परत येऊन बसायचं. यात १२ सेकंद किंवा त्याहून जास्त लागले तर पडण्याचा धोका आहे असं अमेरिकेच्या सीडीसी या सरकारी आरोग्य संस्थेच्या मार्गदर्शनात आहे. आजींना १७ लागले.

मग मी काय दिलं? सात व्यायाम, प्रत्येकी दहाचे तीन सेट, सकाळ-संध्याकाळ. छापील कागद, छोट्या चित्रांचा, जो आमच्याकडे गुडघ्याच्या प्रत्येक पेशंटला जातो. सात गुणिले तीस गुणिले दोन म्हणजे दिवसाला ४२० हालचाली. हे गणित मी ते २१ टिक बघितल्यावर पहिल्यांदा केलं, त्याआधी कधीच केलं नव्हतं, आणि मला वाटतं आमच्यापैकी बऱ्याच जणांनी केलेलं नसतं.

आता तिसऱ्या आठवड्याच्या फॉलोअपला माझ्यासमोर दोन रस्ते होते. एक, "आजी, तुम्ही नीट करत नाही आहात, रोज करा हं" असं म्हणून नवीन कागद द्यायचा आणि फाइलमध्ये "पेशंटचं सहकार्य नाही" असं लिहायचं. हे वाक्य मी पूर्वी लिहिलेलं आहे आणि आज त्याचं मला खरंच वाईट वाटतं, कारण ते एकदा फाइलमध्ये गेलं की पुढचा बघणारा पण त्याच नजरेने बघतो. दुसरा रस्ता म्हणजे आकडा आणि कागद जुळत नाहीयेत तर मधे काय झालं ते शोधायचं.

मी म्हटलं, आजी जरा करून दाखवा. पहिले दोन छान केले. तिसऱ्याला थांबल्या, कागदाकडे बघितलं, डोळे बारीक केले, आणि गप्प बसल्या. सून शेजारीच उभी होती, तिचा चेहरा पडला. मी तिला जरा बाहेर बसायला सांगितलं, आणि "रोज करता का" हे विचारलंच नाही कारण त्याचं उत्तर हो असंच येतं, समोरचा माणूस डॉक्टर किंवा फिजिओ असला की पेशंटला ती परीक्षा वाटते. त्याऐवजी विचारलं, "यातला कुठला व्यायाम तुम्हाला सगळ्यात नकोसा वाटतो?"

आजी पंधरा मिनिटं बोलल्या.

सातपैकी चार व्यायाम झोपून करायचे होते, आणि पलंगावरून उठताना त्यांना गरगरायचं. त्या रात्री पडल्या तेव्हाही पलंगावरूनच उठल्या होत्या, त्यामुळे दुपारी घरात कोणी नसताना पलंगावर आडवं होऊन पाय उचलायचे आणि मग परत उठायचं या विचारानेच छातीत धडधडायचं. गुडघ्यातून कटकट आवाज यायचा, त्यांना वाटायचं प्रत्येक कटकटीला गुडघा अजून झिजतोय, मग आधीच झिजलेला आहे तर कशाला वापरून संपवायचा. शिवाय मुलगा म्हणाला होता, एकटी असताना काही करू नकोस, पडलीस तर कोण बघणार. आणि संध्याकाळी सगळे घरी आले की सून दारातून आत येता येताच विचारायची, "आई, केले का व्यायाम?"

मग टिक का केले, हे मी विचारलं नाही, त्यांनीच सांगितलं. "ती सुट्टी काढून मला इथे घेऊन येते. तिचा दिवस वाया गेला असं तिला वाटायला नको."

हे ऐकल्यावर मला पुढे काही बोलायला दोन मिनिटं लागली. जिला आपण आळशी समजायला निघालो होतो ती बाई रोज रात्री बसून सुनेचं मन राखायला टिक करत होती.

तर आता केस वेगळी दिसायला लागली. इच्छा नव्हती असं नाही, खाली बाकावर जायची इच्छा तर पहिल्या दिवसापासून होती. नव्हता तो भरवसा, स्वतःच्या शरीरावरचा. मानसशास्त्रज्ञ अल्बर्ट बंडुरा यांनी १९७७ मध्ये मांडलेली एक गोष्ट इथे फार कामाची आहे, की "मला हे जमेल" ही भावना माणसाला समजावून सांगण्यापेक्षा स्वतः करून जमल्याच्या अनुभवातून जास्त येते. आजींचा ताजा अनुभव काय होता, तर उठले आणि पडले. त्यावर मी "तुम्हाला नक्की जमेल" असं कितीही गोड बोलले असते तरी तो अनुभव पुसला गेला नसता. त्यामुळे ताकद वाढवायच्या आधी, ज्यात फसणं जवळजवळ शक्य नाही असं काहीतरी त्यांच्या हातात द्यायला हवं होतं.

पण त्याआधी गरगरण्याचं बघणं गरजेचं होतं. झोपून आणि मग उभं राहिल्यावर रक्तदाब मोजला तर उभं राहिल्यावर चांगलाच खाली येत होता. त्यांच्या डॉक्टरांना चिठ्ठी दिली आणि गोळीचं काय करायचं ते त्यांनी ठरवलं, तो माझा प्रांत नाही. आजींना एवढंच शिकवलं की पलंगावरून उठताना आधी काठावर बसायचं, पावलं दहा-पंधरा वेळा वर-खाली करायची, मग उभं राहायचं आणि लगेच चालायला लागायचं नाही. व्यायाम का होत नाही याचं उत्तर कधी कधी असं सरळ शरीरातच असतं आणि आपण मात्र मोटिव्हेशनवर भाषण देत बसतो. छातीत दुखणं, चक्कर, एकदम दम लागणं, असं काही पेशंट सांगत असेल तर पहिलं ते तपासायचं, मग बाकीचं.

गुडघ्याचं समजावणं वेळखाऊ होतं पण टाळता येण्यासारखं नव्हतं. कटकट आवाज, सूज किंवा नवं दुखणं नसेल तर, बहुतेक वेळा निरुपद्रवी असतो. आणि झिजतो म्हणून वापरायचा नाही हे उलटं आहे, कारण मांडीचा पुढचा स्नायू कमजोर झाला की गुडघ्याला आधार राहत नाही, म्हणून संधिवातात व्यायाम हा पहिल्या फळीचाच उपचार धरतात. पण "दुखलं तरी करा" हेही चूक. मी त्यांना एक माप दिलं: दुखणं ० ते १० मध्ये मोजायचं, व्यायाम करताना ५ पर्यंत गेलं तर चालेल, मात्र दुसऱ्या दिवशी त्याच वेळेपर्यंत ते रोजच्या पातळीला परत यायला हवं. आलं नाही तर व्यायाम सोडायचा नाही, पुढच्या वेळी कमी करायचा. शिवाय नवीन व्यायामानंतर एक-दोन दिवस मांडी जड वाटणं, ठणकणं, हे स्नायूचं दुखणं आहे, सांध्याचं नाही. हे कोणी आधी सांगितलेलं नसलं की पेशंट दुसऱ्याच दिवशी घाबरून बंद करतो, आजींनी चौथ्या दिवशी केलं होतं.

मग नवा प्लॅन. सातचे दोन केले, आणि झोपून एकही नाही. खुर्चीवर जाड उशी ठेवून पाच वेळा उठबस, आणि किचनचा ओटा धरून दहा वेळा टाचा उचलणं. बस. दिवसातून किती वेळा, हे मी ठरवलं नाही. विचारलं, "दोन वेळा करायची खात्री ० ते १० मध्ये किती?" म्हणाल्या पाच. एकदा? "नऊ." मग एकदाच. सातच्या खाली उत्तर आलं तर मी प्लॅन लहान करते, पेशंटला मोठं व्हायला सांगत नाही.

वेळेचं पण "सकाळी कधीतरी" असं सोडलं नाही. मानसशास्त्रज्ञ पीटर गोल्विट्झर यांचं १९९९ चं काम आहे, "अमुक झालं की मी तमुक करेन" असं आधीच नेमकं ठरवलेलं असेल तर गोष्ट घडण्याची शक्यता वाढते. आजींचं वाक्य झालं, "दात घासून ब्रश ठेवला की ओट्यापाशी जाऊन टाचा, मग खुर्ची." ते मी मोठ्या अक्षरात कागदावर लिहिलं, सगळ्यात वर.

इथे माझ्यासोबतच्या एका फिजिओने हरकत घेतली, की पाच उठबशांनी काय होणार, हा डोसच नाही. तिचं म्हणणं बरोबरच आहे. डब्ल्यूएचओच्या २०२० च्या मार्गदर्शनात ६५ च्या पुढच्यांसाठी आठवड्याला १५० ते ३०० मिनिटं मध्यम श्रमाची हालचाल, दोन किंवा जास्त दिवस ताकदीचे व्यायाम, आणि तीन किंवा जास्त दिवस तोल आणि ताकद दोन्ही असलेले व्यायाम सांगितलेत. न्यूझीलंडमधला ओटागो प्रोग्रॅम, जो पडणं कमी करण्यासाठी खूप ठिकाणी वापरतात, त्यातही पायाला वजनं बांधून ताकदीचे आणि तोलाचे व्यायाम आठवड्यातून तीनदा आणि शिवाय चालणं आहे, आणि ते हळूहळू वाढवत न्यायचं असतं. पाच उठबशा याच्या जवळपासही नाहीत. पण ४२० हालचालींच्या कागदाचा खरा डोस शून्य होता ना. पहिले दोन आठवडे सवय लागण्यासाठी, डोस त्यानंतर, असं मी ठरवलं. मात्र एक मनापासून सांगते, सोपं करून तिथेच सोडून देणं ही पण चूकच आहे. पेशंट खूश, आपण खूश, आणि सहा महिन्यांनी ताकद तेवढीच. वाढवायची तारीख पहिल्याच दिवशी कागदावर हवी.

कागद पण बदलला. तीन रकाने, "केलं", "थोडं केलं", "नाही केलं", आणि "नाही"च्या पुढे कारण लिहायला जागा. आजींना सांगितलं की मला "नाही"चे रकाने जास्त कामाचे आहेत, त्यावरून मला कळतं की प्लॅनमध्ये काय चुकलंय. त्यांना ते पहिल्यांदा पटलं नाही, दोनदा विचारलं, "म्हणजे नाही लिहिलं तर चालेल?"

पहिल्या आठवड्याचा कागद आला: चार दिवस केलं, एक दिवस थोडं, दोन दिवस नाही. त्या दोन "नाही"मुळे मला झालेला आनंद २१ टिकांनी कधीच झाला नव्हता. एकाचं कारण झोप नाही. दुसऱ्याचं, "मुलगा लवकर गेला." म्हणजे आजी व्यायाम मुलगा घरात असतानाच करत होत्या, एकटं असताना नाही करायचं हा नियम अजून तसाच होता.

तर पुढच्या भेटीला मुलाला बोलावलं. त्याला मी काही समजावलं नाही, फक्त बसून बघायला सांगितलं. खुर्ची भिंतीला टेकवलेली, समोर धरायला टेबल, आणि मी आजींकडे पाठ करून उभी. आजींनी पाच केल्या. मग जमिनीवरून उठायचं शिकवायला घेतलं, कारण पडण्याच्या भीतीत अर्धी भीती "पडलो तर उठता येणार नाही" ही असते. कुशीवर वळायचं, हातांवर आणि गुडघ्यांवर यायचं, खुर्चीपर्यंत सरकायचं, खुर्ची धरायची, चांगला पाय पुढे टेकवायचा, उठायचं. गुडघ्याखाली जाड उशी. पहिल्या दिवशी शेवटच्या दोनच पायऱ्या केल्या, पूर्ण जमायला तीन भेटी लागल्या. तिसऱ्या भेटीत मुलगाच म्हणाला, "आई, कर तू घरी, फोन फक्त जवळ ठेव." त्याची भीती त्याच्या डोळ्यांदेखत गेली म्हणून ती गेली, मी फोनवर सांगितलं असतं तर गेली नसती.

सुनेचं मात्र मला जास्त काळजीने बोलावं लागलं, कारण तिची चूक काहीच नव्हती, ती सगळ्यात जास्त करत होती. तिला म्हटलं, विचारायचं बंद कर, आणि आठवड्यातून दोनदा आईंच्या शेजारी ओट्याला उभी राहून तू पण टाचा उचल. पहिल्यांदा केल्यावर तिचीच पोटरी दुखली आणि आजींनी तिला समजावलं की हे स्नायूचं दुखणं आहे, घाबरू नकोस. हे मला सुनेने सांगितलं.

तिसऱ्या आठवड्यापासून वाढवायला सुरुवात. आधी उशी काढली, मग पाचाच्या आठ, मग दोन सेट. एका पायावर उभं राहणं, ओटा धरून आणि मग दोन बोटं टेकवून. सहाव्या आठवड्यात पायाला अर्ध्या किलोची वजनं. चालणं आधी घरातल्या घरात, मग जिन्यापर्यंत. वेग किती तर बोलता यावं पण गाणं म्हणता येऊ नये एवढा, हे माप मला वयस्कर लोकांत नाडी मोजण्यापेक्षा बरं वाटतं, कारण रक्तदाबाच्या काही गोळ्यांनी नाडीचा वेग दबलेलाच असतो.

मधे एक गोष्ट फसली. मुलाने हौसेने हाताला बांधायचा बँड आणला, त्यात १०,००० पावलांचं टार्गेट आधीच सेट केलेलं. आजींची दिवसाला १,८०० व्हायची, आणि रोज रात्री तो बँड त्यांना सांगायचा की तुझं झालं नाही. चार दिवसांत चेहरा उतरला. १०,००० हा आकडा मुळात १९६५ च्या सुमाराला जपानमध्ये आलेल्या एका पावलं मोजायच्या यंत्राच्या नावातून पसरला, तो काही ७२ वर्षांच्या संधिवाताच्या पेशंटसाठी काढलेला नाही. टार्गेट २,००० वर आणलं, तरी त्यांना तो नकोच झाला होता, मग काढून ठेवला. काहींना बँडने खूप फरक पडतो, यांना नाही पडला, एवढंच.

सातव्या आठवड्यात ताप-खोकला झाला, ११ दिवस सगळं बंद. खरे प्रोग्रॅम इथेच मोडतात असा माझा अनुभव आहे, पहिल्या आठवड्यात नाही. माणूस आजारातून उठतो, आधीचं सगळं गेलं असं त्याला वाटतं, आणि परत सुरू करायची लाज वाटते. म्हणून कागदाच्या मागे आधीच लिहून ठेवलं होतं, "बंद पडलं तर: ताप गेल्यावर निम्म्याने सुरू." आणि मी स्वतः फोन केला, दोन मिनिटांचा. आजी म्हणाल्या, "सगळं वाया गेलं बघा." लंडनमधला २०१० साली छापलेला सवयींवरचा अभ्यास आहे, त्यात नवी सवय अंगवळणी पडायला निम्म्या लोकांना ६६ दिवसांपर्यंत लागले आणि निम्म्यांना त्याहून जास्त, कोणाला १८ तर कोणाला २५४ असा अंदाज निघाला, आणि एखादा दिवस चुकल्याने फारसं बिघडलं नाही. पण ११ दिवस म्हणजे एखादा दिवस नव्हे, त्यामुळे खोटा धीर दिला नाही. या म्हटलं, मोजू. आजारी पडायच्या आधी ३० सेकंदात नऊ होत होत्या, आता आठ आल्या. आजींनी तो आठचा आकडा दोनदा विचारला आणि म्हणाल्या, "म्हणजे सहावर नाही गेले." दुसऱ्या दिवशी निम्म्याने सुरू.

सोळाव्या आठवड्याला ११ उठबशा, आणि ३ मीटरच्या टेस्टला १३ सेकंद. १२ च्या खाली अजून आलेलं नाही, म्हणजे धोका कमी झालाय पण गेलाय असं मी म्हणणार नाही. चालणं आठवड्याला साधारण ७० मिनिटं, १५० च्या निम्मंही नाही. उजवा गुडघा जिना उतरताना अजून दुखतो, तीन-चारपर्यंत जातो आणि रात्रीपर्यंत शांत होतो. जिना मात्र उतरतात, कठडा धरून, एका पायरीवर दोन्ही पाय टेकवत, आणि आठवड्यातून चार-पाच दिवस बाकावर जाऊन बसतात. फाइलमध्ये मी पहिल्या दिवशी लिहिलेलं वाक्य त्यांना दाखवलं तर म्हणाल्या, हे मी सांगितलं होतं? मग सात व्यायामांच्या कागदात जिना का नव्हता? माझ्याकडे उत्तर नव्हतं. आता नवीन पेशंटच्या कागदावर सगळ्यात वर त्याला काय करायचंय ते लिहिते, आणि निदान एक व्यायाम तरी थेट त्याचाच तुकडा असतो, जिना हवा असेल तर एक पायरी.

छापील कागद आम्ही अजून पूर्ण बंद केलेला नाही, गर्दीच्या दिवशी तोच हातात दिला जातो हे खरं आहे. पण त्यातल्या दोनच व्यायामांना पेनाने गोल करून देते आणि बाकीच्यांवर काट मारते.

आजींचा मागच्या आठवड्याचा कागद माझ्यासमोर आहे. पाच दिवस केलं, एक दिवस थोडं. रविवारच्या पुढे "नाही", आणि कारणाच्या जागी त्यांच्या थरथरत्या अक्षरात, "काही झालं नाही. कंटाळा आला."